हप्ता पंधराशेनं वाढला, कर्ज दहा वर्षांनी लांबलं

ऑक्टोबर २०२१ ते जुलै २०२५ या काळात कोल्हापुरातल्या एका कुटुंबानं गृहकर्जाचे ४६ हप्ते भरले. एकही चुकला नाही, एकही उशिरा गेला नाही. बँकेत गेलेली रक्कम ११ लाख २ हजार ७०० रुपये. त्यातले मुद्दलात जमा झाले १ लाख ३२ हजार. बाकीचे ९ लाख ७० हजार व्याजात गेले. कर्ज ३० लाखांचं होतं आणि जवळजवळ चार वर्षं हप्ते भरूनही शिल्लक होती २८ लाख ६८ हजार.

हे वाचून बँकेनं फसवलं असं वाटेल. तसं झालेलं नाही. प्रत्येक आकडा करारात लिहिल्याप्रमाणेच लागला होता. म्हणूनच हे प्रकरण सविस्तर मांडावंसं वाटलं. असंच कर्ज आपल्या ओळखीतल्या कितीतरी घरांत चालू आहे. त्या घरांतल्या माणसांना हप्ता तोंडपाठ असतो, पण कर्ज कोणत्या साली संपणार आणि तोवर एकूण किती पैसे जाणार, हे विचारलं की ती एकमेकांकडे बघतात.

मी राजारामपुरीत कराची आणि कर्जाच्या कागदांची कामं करतो. कुटुंबाच्या परवानगीनं लिहितोय, नावं देत नाही. मी त्यांना दादा आणि वहिनी म्हणतो, इथंही तेच ठेवतो. हिशेब सोपा व्हावा म्हणून प्रत्येक हप्ता महिन्याच्या १ तारखेचा धरला आहे आणि लाखांचे आकडे जवळच्या हजारात आणले आहेत.

घर, आणि घराआधीचा खर्च

दादा शिरोली एमआयडीसीतल्या एका फाउंड्रीत मेन्टेनन्सला आहेत. पगार हातात ४८ हजार. वहिनी खासगी शाळेत शिकवतात, त्यांचे १८ हजार. मुलगी आता पाचवीत आहे. आधी ते शाहूपुरीत ९ हजार भाड्यानं राहत होते. २०१९ चा पूर पाहिला, २०२१ च्या जुलैत पुन्हा तेच झालं, आणि मग ‘आता स्वतःचं, आणि पाणी येत नाही तिथंच’ असं ठरलं. सानेगुरुजी वसाहतीच्या बाजूला तयार टू बीएचके मिळाला. किंमत ३८ लाख. भोगवटा प्रमाणपत्र मिळालेली इमारत असल्यानं जीएसटी लागला नाही. बांधकाम चालू असलेल्या फ्लॅटला तो लागला असता.

मुद्रांक शुल्क महापालिका हद्दीत ६ टक्के, म्हणजे २ लाख २८ हजार. नोंदणी फी ३० हजार. यातच पहिली हुकलेली संधी आहे. एप्रिल २०२१ पासून राज्यात घर फक्त बाईच्या नावावर घेतलं तर मुद्रांक शुल्कात १ टक्का सवलत आहे. इथं ३८ हजार वाचले असते. पण नावं दोघांची लागली आणि सवलत गेली. ‘फक्त वहिनींच्या नावावर का नको’ असा प्रश्न त्या वेळी घरात कुणी विचारलाच नाही. आर्थिक कारणांपलीकडेही तो विचारायला हवा होता, असं मला वाटतं.

स्वतःचे साडेअकरा लाख उभे करताना दादांनी पीएफ काढला, वहिनींनी बांगड्या आणि एक हार गुजरीत, म्हणजे इथल्या सराफ बाजारात, मोडला, आणि थोडे पैसे मेहुण्याकडून उसने आले. कर्ज ३० लाखांचं झालं. त्यातले २९ लाख १० हजार घरासाठी आणि ९० हजार कर्जासोबत घेतलेल्या विम्याच्या एकरकमी हप्त्यासाठी. विम्याबद्दल पुढे सांगतो.

दर होता ६.९० टक्के. त्याची फोड अशी : तेव्हाचा रिझर्व्ह बँकेचा रेपो दर, म्हणजे ज्या दरानं ती बँकांना थोड्या दिवसांसाठी पैसे देते तो, ४ टक्के, आणि त्यावर बँकेचा २.९० टक्के फरक, ज्याला बँकेत ‘स्प्रेड’ म्हणतात. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी, बदलत्या दराची गृहकर्जं अशी बाहेरच्या दराला जोडलेली असतात. रेपो हलला की तीन महिन्यांच्या आत कर्जाचा दरही हलतो.

“हप्ता कितीचा बसतोय तेवढं सांगा,” दादांनी बँकेत विचारलं होतं. उत्तर मिळालं, २३ हजार ७९. वीस वर्षं. पगारात बसत होतं. सह्या झाल्या.

२३,०७९ गुणिले २४० केलं असतं तर ५५ लाख ३९ हजार आले असते. ३० लाखांवर २५ लाख ३९ हजार व्याज, तेही दर वीस वर्षं ६.९० टक्केच राहिला तर. हा गुणाकार त्या दिवशी त्या टेबलावर कुणी केला नाही.

एप्रिल २०२३ चं पत्र

पहिल्या हप्त्यात व्याज १७,२५० होतं आणि मुद्दल ५,८२९. यात विशेष काही नाही. सुरुवातीला शिल्लक मोठी, म्हणून व्याज मोठं. शिल्लक उतरत जाते तसा मुद्दलाचा वाटा वाढतो. हे गणित कुणालाही घरी करता येतं : शिल्लक रकमेला वार्षिक दरानं गुणा आणि १२०० नं भागा, त्या महिन्याचं व्याज निघतं.

मग मे २०२२ उजाडला. महागाई आवरायला रिझर्व्ह बँकेनं रेपो वाढवायला सुरुवात केली. मेमध्ये ४.४०, जूनमध्ये ४.९०, ऑगस्टमध्ये ५.४०, सप्टेंबरअखेर ५.९०, डिसेंबरमध्ये ६.२५ आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५०. नऊ-दहा महिन्यांत अडीच टक्के. दादांचं कर्ज दर तिमाहीला नव्या दरावर जात राहिलं : जुलैत ७.८०, ऑक्टोबरात ८.८०, जानेवारीत ९.१५, एप्रिल २०२३ मध्ये ९.४०. या सगळ्या काळात खात्यातून जाणारा हप्ता मात्र २३,०७९ च राहिला. त्यामुळे घरात कुणाला काही बदललं आहे हे जाणवलंच नाही.

एप्रिल २०२३ ची स्थिती पाहा. १९ हप्ते भरून झाले होते. शिल्लक २९ लाख २० हजार ९६१. दर ९.४०. वरच्या सूत्रानं महिन्याचं व्याज येतं २२,८८१. हप्ता २३,०७९. म्हणजे मुद्दलाला गेले असते १९८ रुपये.

त्याच हप्त्यावर ते कर्ज फेडायला आणखी ६१० महिने लागले असते. जवळजवळ ५१ वर्षं.

इतकी मुदत देणं कोणत्याही बँकेला शक्य नाही. त्यांच्या बँकेची कमाल मर्यादा सुरुवातीपासून ३० वर्षं होती. म्हणून बँकेच्या संगणकानं मुदत थेट त्या टोकापर्यंत ताणली आणि तेवढ्यानं भागेना म्हणून हप्ता थोडा वाढवला. पत्र आलं : सुधारित हप्ता २४,६०० रुपये, उर्वरित हप्ते ३४१.

“पंधराशेच वाढलेत की,” दादा तेव्हा घरी म्हणाले होते. महिन्याला ओव्हरटाइमचे दोन दिवस जास्त केले की निघतील. दुसरा आकडा त्यांनी वाचला होता, पण ३४१ हप्ते म्हणजे किती वर्षं हे मोजलं नव्हतं. मोजलं तर येतं सप्टेंबर २०५१. मूळ कर्ज सप्टेंबर २०४१ मध्ये संपणार होतं. कर्ज घेताना दादा ३७ वर्षांचे होते. त्यांची नोकरी ५८ व्या वर्षी, २०४२ मध्ये संपते. जुन्या वेळापत्रकात निवृत्तीआधी वर्षभर घर मोकळं होत होतं. नव्या वेळापत्रकात शेवटचा हप्ता त्यांच्या ६७ व्या वर्षी.

या कर्जाची खरी किंमत ठरली ती याच पत्रात. रेपो वाढला त्यावर दादांचं काही चालणार नव्हतं. पण वाढलेल्या व्याजाचा भार हप्त्यावर घ्यायचा की मुदतीवर, हा निर्णय कर्जदाराचा असायला हवा होता, आणि तो कुणी न घेताच होऊन गेला.

हप्त्यावर घेतला असता तर काय? मुदत २०४१ चीच ठेवून हप्ता आला असता २७,८४५. म्हणजे २४,६०० पेक्षा ३,२४५ रुपये जास्त. दर ९.४० वरच राहिला असं धरलं, तर २७,८४५ चे २२१ हप्ते होतात ६१ लाख ५४ हजार. आणि २४,६०० चे ३४१ हप्ते होतात ८३ लाख ८९ हजार. महिन्याचे सव्वातीन हजार वाचवण्याची किंमत २२ लाख ३५ हजार. आधीचे १९ हप्ते मिळवले तर ३० वर्षांच्या वाटेनं या ३० लाखांच्या कर्जाला एकूण ८८ लाख २७ हजार लागले असते.

इथं एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगायला हवी, कारण असे मोठे आकडे दाखवून घाबरवणं सोपं असतं. २०५१ मधले २४,६०० रुपये म्हणजे आजचे २४,६०० नव्हेत. महागाई वर्षाला ५ टक्के धरली तर त्यांची किंमत आजच्या सुमारे ६,९०० रुपयांइतकीच भरते. म्हणून ‘२२ लाख बुडाले’ असं सरळ म्हणता येत नाही. मुदत लांबवून वाचलेले सव्वातीन हजार जर कुणी दर महिन्याला शिस्तीनं गुंतवले आणि त्यावर कर्जाच्या दरापेक्षा जास्त परतावा मिळाला, तर लांब मुदत तोट्याची ठरत नाही. पण दादा-वहिनींच्या घरात ते पैसे कुठं जात होते ते पाहिलं. वहिनी रोज शंभर रुपये पतसंस्थेच्या पिग्मीत भरत होत्या. गल्लीतला पिग्मीवाला दारात येतो, पुस्तकावर सही करतो, वर्षानं रक्कम मिळते. त्यावर व्याज साडेतीन टक्के. कर्जावर ९.४० टक्के देत असतानाच पिग्मीवर साडेतीन टक्के घेणं चालू होतं. अशा घरासाठी लांब मुदत ही निव्वळ नुकसान आहे, आणि निवृत्तीनंतरची नऊ वर्षं हप्ता कुठून भरायचा हा प्रश्न उरतोच.

नियम होता, पण माहीत नव्हता

देशभरात असंख्य कर्जांची मुदत त्या वर्षी अशीच लांबली. १८ ऑगस्ट २०२३ ला रिझर्व्ह बँकेनं परिपत्रक काढलं. दर बदलताना बँकेनं कर्जदाराला हप्त्यावर किंवा मुदतीवर काय परिणाम होणार ते कळवायचं. हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची, दोन्ही थोडं थोडं करायचं, की काही रक्कम आधी भरायची, याचा पर्याय द्यायचा. बँकेच्या धोरणानुसार स्थिर दरावर जाण्याची सोयही ठेवायची. मुदत इतकी लांबवायची नाही की हप्त्यातून व्याजही भागेनासं होईल. आणि दर तिमाहीला एक उतारा उपलब्ध करून द्यायचा, ज्यात आजवर किती मुद्दल आणि किती व्याज वसूल झालं, हप्ता किती आहे, किती हप्ते उरले आहेत आणि वार्षिक दर किती आहे, हे दिसलं पाहिजे. जुन्या कर्जदारांनाही २०२३ च्या अखेरपर्यंत हे सगळं लागू करायचं होतं.

त्या वर्षअखेरीला दादांच्या मोबाइलवर लांबलचक संदेश आला होता. आम्ही तो शोधून काढला. इंग्रजीत, शेवटी एक लिंक. उघडलेला नव्हता. दादांना दोष देत नाही. बारा तासांची पाळी करून आलेल्या माणसानं असा संदेश वाचून त्यातून २२ लाखांचा निर्णय ओळखावा, ही अपेक्षाच चुकीची आहे. बँकेच्या शाखेत मराठीत एक माणूस समोर बसवून ‘तुमचं कर्ज २०५१ ला संपतंय, चालेल का?’ एवढं विचारलं असतं, तर उत्तर पाच मिनिटांत मिळालं असतं.

नवं कर्ज घेणाऱ्यांसाठी १ ऑक्टोबर २०२४ पासून आणखी एक चांगली गोष्ट झाली आहे. बँकेला सहीआधी एका ठरावीक नमुन्यात मुख्य माहितीपत्रक द्यावं लागतं. त्यात प्रक्रिया शुल्क आणि कर्जाबरोबर बँकेमार्फत घेतला जाणारा विमा असे खर्च धरून येणारा खरा वार्षिक दर असतो, आणि हप्त्यागणिक मुद्दल-व्याजाचा तक्ताही असतो. तो तक्ता मागून घ्या आणि शेवटच्या ओळीपर्यंत वाचा. मंजुरीपत्रापेक्षा तो जास्त महत्त्वाचा आहे.

नव्वद हजारांचा विमा

आता त्या ९० हजारांकडे. “विमा घेतल्याशिवाय फाइल पुढं जात नाही,” असं त्यांना सांगण्यात आलं होतं. गृहकर्जासाठी बँकेनं सुचवलेलाच विमा घेण्याची सक्ती कोणत्याही नियमात नाही. पण घर हातचं जाईल या भीतीनं माणूस वाद घालत नाही.

हप्ता एकरकमी होता आणि तो कर्जातच मिळवला. म्हणजे विम्यावरही गृहकर्जाचं व्याज सुरू झालं. ९० हजार हे ३० लाखांचे ३ टक्के. वीस वर्षांच्या मूळ वेळापत्रकात त्यांचे १ लाख ६६ हजार झाले असते, तीस वर्षांच्या वाटेवर २ लाख ६५ हजार.

पण त्याहून गंभीर बाब पॉलिसीच्या कागदात सापडली. हा विमा उतरत्या रकमेचा होता. कर्जाची शिल्लक जशी उतरेल तशी विम्याची रक्कमही उतरते, आणि ते उतरण्याचं कोष्टक २०२१ च्या ६.९० टक्के दरावर, वीस वर्षांचं, पहिल्याच दिवशी छापून दिलेलं होतं. कर्ज मात्र त्या कोष्टकाला सोडून कधीच दुसरीकडे गेलेलं. जुलै २०२५ मध्ये कोष्टकाप्रमाणे विमा होता २६ लाख ९४ हजारांचा आणि प्रत्यक्ष देणं २८ लाख ६८ हजार. तेव्हाच पावणेदोन लाखांचं अंतर, आणि ते दर वर्षी वाढणार होतं. २०४१ नंतर तर विमा संपलेला आणि कर्ज दहा वर्षं शिल्लक. ज्या दिवसासाठी विमा घेतला तो दिवस आला असता, तर वहिनींना फरकाची रक्कम स्वतः भरावी लागली असती. ज्यांचं कर्ज २०२२ च्या आधीचं आहे आणि सोबत असा विमा आहे, त्यांनी हे कोष्टक काढून आजच्या शिल्लक रकमेशी जुळवून बघावं.

‘टॅक्स वाचतो’

कर्ज लवकर फेडू नका, टॅक्स वाचतो, असा सल्ला दादांना कारखान्यातल्या दोघातिघांनी दिला होता. स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंतची वजावट जुन्या करप्रणालीत मिळते, हे खरं. नव्या प्रणालीत ती मिळत नाही. आणि दादांचं उत्पन्न वर्षाला सहा लाखांच्या आतलं. नव्या प्रणालीत २०२३-२४ पासून सात लाखांपर्यंतच्या उत्पन्नावर आणि २०२५-२६ पासून बारा लाखांपर्यंतच्या उत्पन्नावर सवलतीमुळे कर शून्य होतो. गृहकर्ज नसतं तरी त्यांना कर लागला नसता. म्हणजे या घरात कर्जामुळे वाचणारा कर शून्य आहे. ज्यांना खरोखर वीस-तीस टक्क्यांचा कर लागतो आणि जे जुन्या प्रणालीत आहेत, त्यांचा हिशेब वेगळा. पण तिथंही शंभर रुपये व्याज देऊन वीस-तीस रुपयांचा कर वाचतो, बाकीचे खिशातून जातातच.

जुलै २०२५ : चार पर्याय

२०२५ मध्ये रेपो उतरू लागला. फेब्रुवारीत ६.२५, एप्रिलमध्ये ६, जूनमध्ये एकदम ५.५०. १ जुलैपासून दादांचा दर झाला ८.४० आणि बँकेचा संदेश आला : हप्ता कमी होऊन २२,६०३. दोघंही खुशीत माझ्याकडे आले ते दुसऱ्याच कामासाठी, वहिनींच्या रिटर्नसाठी. बोलता बोलता हप्त्याचा विषय निघाला आणि मी खात्याचा उतारा मागितला.

शिल्लक २८ लाख ६७ हजार ६८४. आम्ही कागदावर चार ओळी लिहिल्या.

बँकेनं दिलेला २२,६०३ चा हप्ता घेतला तर ३१४ हप्ते, शेवट २०५१, इथून पुढे जाणारे पैसे ७० लाख ९७ हजार.

आत्ता भरत असलेला २४,६०० तसाच ठेवला तर २४३ हप्ते, शेवट ऑक्टोबर २०४५, इथून पुढे ५९ लाख ७० हजार. खिशातून आजच्यापेक्षा एक रुपयाही जास्त न काढता सव्वाअकरा लाखांचा फरक.

पुन्हा २०४१ गाठायचं तर हप्ता २७,०६८. इथून पुढे ५२ लाख ५१ हजार.

चौथी ओळ लिहिण्याआधी मी त्यांना बँकेत पाठवलं. कारण एक गोष्ट खटकत होती. त्यांचा स्प्रेड २.९० चा होता, आणि त्याच शाखेच्या काचेवर नव्या ग्राहकांसाठी लावलेला दर त्यांच्या दरापेक्षा पाऊण टक्क्यानं कमी होता. जुन्या, चोख भरणाऱ्या ग्राहकानं जास्त का द्यायचं? असा फरक कमी करून द्यायची सोय बहुतेक बँकांत असते. ती मागावी लागते, आपणहून कुणी देत नाही. दादा बोलायला संकोचत होते. वहिनींनी अर्ज लिहिला, सोबत सगळे हप्ते वेळेवर गेल्याचा उतारा जोडला आणि दुसऱ्या बँकेत कर्ज हलवायचा विचार चालू आहे असंही लिहिलं. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जाला मुदतीआधी फेडल्याचा दंड बँक लावू शकत नाही, त्यामुळे ती धमकी पोकळ नव्हती. आठवडाभरात होकार आला. शुल्क ५ हजार आणि त्यावर १८ टक्के जीएसटी, मिळून ५,९००. नवा दर ७.६५.

या ५,९०० रुपयांनी काय केलं? हप्ता २७,०६८ च ठेवला तर कर्ज २०४१ ऐवजी एप्रिल २०४० च्या आसपास संपतं आणि ४ लाख ५९ हजार वाचतात. या पूर्ण प्रकरणात सर्वांत स्वस्तात मिळालेला फायदा हाच.

मग चौथी ओळ : ७.६५ टक्के, हप्ता २७,०६८, आणि दर नोव्हेंबरला ४० हजार मुद्दलात. दिवाळीचा बोनस आणि वहिनींच्या शिकवण्यांचे पैसे मिळून हे जमतं असं दोघांनी ठरवलं. शेवट ऑगस्ट २०३७, दादांच्या ५३ व्या वर्षी. इथून पुढे एकूण ४३ लाख ८७ हजार. पहिल्या ओळीपेक्षा २७ लाख १० हजारांनी कमी.

हप्ता अडीच हजारांनी वाढला त्याची सोय पिग्मी बंद करून झाली. वहिनींना ते जड गेलं. रोजचे शंभर रुपये त्यांच्या हातचे, त्यांच्या नावावरचे होते, आणि गरजेला कुणाला न विचारता काढता येत होते. ही भावना मला रास्त वाटते. बचतीवर बाईचा ताबा ही काही छोटी गोष्ट नाही. शेवटी असं ठरलं की पतसंस्थेतली त्यांच्या एकटीच्या नावावरची एक लाखाची ठेव मोडायची नाही.

त्या ठेवीवरून दादांचा आणि माझा थोडा वाद झाला. ते म्हणाले, “मोडून भरून टाकू की कर्जात.” गणित त्यांच्या बाजूनं होतं. आधीच्या ८.४० टक्के दरावर, २४,६०० च्या हप्त्यात एक लाख आज भरले तर वीस महिन्यांचे हप्ते कमी होतात आणि सुमारे चार लाखांचं व्याज वाचतं. तरी मी नको म्हटलं. फाउंड्रीत ऑर्डर घटल्या की आधी ओव्हरटाइम बंद होतो, मग आठवड्यातून दोन दिवस कारखाना. अशा वेळी कर्जात भरलेला लाख बँक परत देत नाही. हातात काहीच नसेल तर माणूस सोनं तारण ठेवतो किंवा खासगी सावकाराकडे जातो, आणि मग ७.६५ टक्के वाचवायला गेलेला २४ टक्क्यांत अडकतो. निदान तीन महिन्यांचा हप्ता आणि घरखर्च बाजूला ठेवूनच मुद्दलात भरायचं, हे मी सगळ्यांनाच सांगतो. ठेव राहिली.

आगाऊ रक्कम भरताना अर्जात स्पष्ट लिहावं लागतं की हप्ता तोच ठेवून मुदत कमी करा. लिहिलं नाही तर काही ठिकाणी हप्ता कमी करून देतात, आणि मग व्याज वाचतं पण फार थोडं. आणि वर्षाच्या शेवटी भरण्यापेक्षा पैसे आले की लगेच भरावेत. व्याज रोजच्या किंवा महिन्याच्या शिल्लक रकमेवर लागतं, त्यामुळे वाट पाहण्यात फक्त तोटा आहे.

घर घेतल्यावरचा खर्च आम्ही या हिशेबात धरलेला नाही. सोसायटीचा मेन्टेनन्स, महापालिकेचा घरफाळा, पाच-सात वर्षांनी रंग आणि गळती. ते भाड्याच्या घरात नव्हतं. घर भाड्यापेक्षा परवडलं का, या प्रश्नाचं उत्तर मी त्यांना दिलं नाही. शाहूपुरीत गुडघाभर पाण्यातून मुलीला खांद्यावर घेऊन बाहेर पडलेल्या बापाला तो प्रश्न फक्त आकड्यांत विचारता येत नाही.

जानेवारीचा उतारा

दादांनी वेगळा मुदत विमा घेतला, वयाच्या साठीपर्यंतचा. रक्कम न उतरणारा, कर्जाशी न जोडलेला, वारस वहिनी. जुना विमा चालू आहे, त्याचे पैसे गेलेलेच आहेत.

५ डिसेंबर २०२५ ला रेपो ५.२५ झाला. जानेवारीच्या बदलात त्यांचा दर ७.४० वर आला. हप्ता कमी होणार असा संदेश पुन्हा आला, आणि या वेळी वहिनींनी त्याच दिवशी शाखेत लेखी दिलं की हप्ता २७,०६८ च राहू द्या. पोच घेतली, फोटो काढून मला पाठवला.

१ जानेवारी २०२६ चा हप्ता गेल्यावर शिल्लक होती २७ लाख ७३ हजार ६००. जुलैनंतरचे सहा हप्ते आणि नोव्हेंबरचे ४० हजार मिळून मुद्दल ९४ हजारांनी कमी झालं. त्याआधी ४६ हप्त्यांत ते १ लाख ३२ हजारांनी कमी झालं होतं.

आता वहिनींना काळजी आहे ती २०३३ ची. मुलगी तेव्हा बारावी होईल, पुढच्या शिक्षणाचा खर्च सुरू होईल आणि दिवाळीचे ४० हजार भरता येणार नाहीत. आम्ही तेही मोजून पाहिलं, दर ७.६५ च धरून. २०२५ ते २०३२ अशी आठ वर्षं भरले आणि नंतर बंद केले, तर कर्ज ऑगस्ट २०३७ ऐवजी मार्च २०३८ ला संपतं. फक्त सात महिने पुढे, आणि एकूण खर्चात फरक ३५ हजारांचा. कारण आगाऊ भरलेल्या रकमेचं खरं काम सुरुवातीच्या वर्षांत होतं, शेवटी शेवटी वाचवायला व्याजच फारसं उरलेलं नसतं. म्हणजे शेवटच्या चार वर्षांचे ते एक लाख साठ हजार मुलीच्या फीसाठी ठेवता येतील. वहिनींनी ती तारीख, मार्च २०३८, पासबुकाच्या पहिल्या पानावर लिहून ठेवायला सांगितली आणि दादांनी ती लिहिली.